जुळणाऱ्या हाडाचे सातवे अक्षर

१. हाड जुळत आले, तरी कागदावर ते मोडलेलेच का?

टाके निघाले, वॉकर सुटून हाती काठी आली, एक्स-रे पाहून डॉक्टरांनी ‘हाड छान धरत आहे’ असा निर्वाळाही दिला. आणि तरीही विमा कंपनीकडे जाणाऱ्या कागदावर निदानाच्या रकान्यात ‘मांडीच्या हाडाचा अस्थिभंग’ हेच शब्द पाचव्या भेटीलाही जसेच्या तसे असावेत, याचे रुग्णाला नवल वाटते, आणि पुष्कळदा नवलापेक्षा धास्तीच अधिक वाटते. कारण आपले हाड पुन्हा मोडले अशी नोंद तर कोणी केली नाही ना, किंवा एकाच दुखण्याचे पैसे दोनदा तर मागितले जात नाहीत ना, ही शंका त्याच्या मनात उभी राहते. वैद्यकीय कोडिंगच्या व्यवसायात नव्याने शिरलेला उमेदवारही निराळ्या वाटेने याच प्रश्नाशी येऊन अडतो. त्याच्यापुढे डॉक्टरांचा शेरा असतो तो एवढाच, की अस्थिभंग भरून येत आहे आणि आजची भेट पुढील देखभालीची आहे. या शेऱ्यासाठी देखभालीचा स्वतंत्र संकेतांक शोधावा, की मूळ अस्थिभंगाचाच लिहावा?

उत्तर आरंभीच सांगून टाकतो, कारण पुढचे सारे विवेचन त्याच्याच समर्थनार्थ आहे: मूळ अस्थिभंगाचाच संकेतांक लिहावयाचा, आणि त्याचे फक्त शेवटचे अक्षर बदलावयाचे.

हे उत्तर अमेरिकेतील पद्धतीपुरते आहे, हे प्रथम ध्यानात घेतले पाहिजे. तेथे प्रत्येक भेटीचे निदान एका ठरावीक ग्रंथातील संकेतांकात रूपांतरित करून विमा कंपनीकडे व सरकारी दफ्तरी पाठवावे लागते. हा ग्रंथ म्हणजे रोगांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीची अमेरिकेने आपल्या सोयीसाठी विस्तारलेली प्रत. तिला आयसीडी-१०-सीएम म्हणतात, आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून ती तेथे अमलात आहे. मूळ वर्गीकरणाचा वंश जुना आहे. फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ झाक बर्तियाँ यांनी १८९३ साली शिकागो येथे मृत्यूच्या कारणांची आंतरराष्ट्रीय यादी मांडली. ती यादी १९४८ साली जागतिक आरोग्य संघटनेच्या हाती आली, तेव्हा मरणाबरोबर आजारपणाचीही मोजदाद तिच्यात सामावली गेली. आणि दहावी आवृत्ती १९९० साली संमत झाली. म्हणजे माणूस कशाने मेला एवढे सांगण्यासाठी जी यादी जन्मास आली, तिनेच पुढे तो कसा बरा होत आहे हे सांगण्याचे काम पत्करले, आणि हे दुसरे काम पहिल्यापेक्षा पुष्कळच नाजूक आहे.

२. जुनी व्यवस्था, आणि तिच्यात काय हरवत असे

२०१५ पूर्वी अमेरिकेत नवव्या आवृत्तीची प्रत चालू होती. तिच्यात मांडीच्या हाडाच्या दांड्याचा बंद अस्थिभंग ८२१.०१ या अंकाने नोंदला जाई. परंतु शस्त्रक्रिया उरकून रुग्ण पुढील देखभालीसाठी येऊ लागला, की हा अंक बाजूस ठेवून व्ही ५४.१५ हा दुसरा अंक लिहावा लागे. त्याचा अर्थ एवढाच, की मांडीचा अपघाती अस्थिभंग भरून येत असून त्याची देखभाल चालू आहे. भंग डाव्या पायाचा की उजव्या, हाड आडवे मोडले की पिळून, कातडी फाटून जखम बाहेर उघडी पडली होती की नाही, आणि मुख्य म्हणजे हाड नीट जुळत आहे की रेंगाळले आहे, यांपैकी कशाचाही पत्ता त्या अंकावरून लागत नसे. रुग्ण बरा होण्याच्या वाटेवर पाऊल ठेवतो न ठेवतो, तोच त्याच्या दुखापतीचा सारा तपशील दफ्तरातून पुसला जाई.

नव्या पद्धतीने हा दोष काढून टाकला, आणि तो ज्या रीतीने काढला ती आपल्याकडील जमिनीच्या दफ्तरावरून चटकन लक्षात येण्यासारखी आहे. शेत विकले गेले, वारस लागले, सोसायटीचा बोजा चढला किंवा उतरला, तरी सातबाऱ्यावरचा गट क्रमांक तोच राहतो. बदलते ती फेरफाराची नोंद. तद्वत अस्थिभंगाचा संकेतांक पहिल्या दिवशी जो पडला तो अखेरपर्यंत कायम राहतो, आणि काळानुरूप जो फेरफार होतो तो सातव्या जागेवरील एका अक्षरात होतो.

नव्या ग्रंथात ‘झेड’ या अक्षराखाली देखभालीचे संकेतांक आहेत, आणि नवशिका नेमका तेथेच फसतो. संधिवातामुळे कृत्रिम सांधा बसविलेल्या रुग्णाच्या देखभालीसाठी झेड ४७.१ लिहिणे यथायोग्य आहे. पण अपघाताने मोडलेल्या हाडाच्या देखभालीसाठी ‘झेड’चे संकेतांक वापरू नयेत, असे अधिकृत नियमावलीत स्पष्ट शब्दांत बजावले आहे.

३. सहा जागांचा पत्ता

मांडीच्या हाडाच्या अस्थिभंगाचे घराणे एस ७२ हे होय. त्यापुढील टिंबानंतरचा पहिला अंक हाडाचा भाग सांगतो: शून्य म्हणजे खुब्याच्या सांध्यात बसणारा माथा व त्याखालची मान, एक आणि दोन म्हणजे मानेखालचा उंचवट्याचा प्रदेश व त्याच्या लगतचा खालचा भाग, तीन म्हणजे मधला लांब दांडा, चार म्हणजे गुडघ्याकडील टोक. पुढचा अंक भंगाचे रूप सांगतो. दांड्याच्या बाबतीत दोन म्हणजे आडवा, तीन म्हणजे तिरका, चार म्हणजे पिळाचा, पाच म्हणजे अनेक तुकडे झालेला. सहावी जागा पाय कोणता आणि तुकडे आपली जागा सोडून सरकले आहेत की नाहीत, या दोन्ही गोष्टी एकाच अंकात सांगते.

एक उदाहरण सोडवून पाहू. उजव्या मांडीच्या हाडाचा दांडा आडवा मोडला असून तुकडे सरकले आहेत. एस ७२ हे घराणे. दांडा म्हणून ३. आडवा म्हणून २. उजवा आणि सरकलेला म्हणून १. झाला एस ७२.३२१. हाच भंग डाव्या पायाचा असता तर शेवटी २ आला असता. उजव्याच पायाचा, पण तुकडे न सरकलेला असता, तर ४.

डॉक्टरांच्या टिपणात काही गाळले गेले असेल, तर त्यासाठी ठरीव तोड आहे. भंग उघडा की बंद हे लिहिले नसेल तर तो बंद समजावा, आणि सरकला की नाही हे लिहिले नसेल तर तो सरकलेला समजावा. या दोन गृहीतांपलीकडे कोडरने आपल्या मनाने काहीही भरावयाचे नाही.

४. सातवी जागा

हे सहा जागांचे वर्णन कितीही अचूक असले, तरी सातवे अक्षर लागल्यावाचून तो संकेतांक अपुरा असतो आणि दावा परत येतो. मांडीच्या अस्थिभंगासाठी अशी सोळा अक्षरे आहेत. ती पाठ करण्याचा प्रयत्न करणारा उमेदवार बहुधा गोंधळतो, आणि त्यांच्या मुळाशी असलेले दोन प्रश्न ज्याने ओळखले, त्याला पाठांतराची गरज पडत नाही.

पहिला प्रश्न कातडीचा: भंग बंद होता, की हाडापर्यंत जाणारी उघडी जखम होती? उघड्या भंगांची प्रतवारी रामोन गुस्तिलो आणि जॉन अँडरसन या शल्यविशारदांनी १९७६ साली घालून दिली. एक सेंटिमीटरपेक्षा लहान व स्वच्छ जखम असेल तर पहिली प्रत, त्याहून मोठी पण भोवतालचे मांस फारसे न चिरडलेली असेल तर दुसरी, आणि स्नायू, कातडी किंवा रक्तवाहिन्या यांची मोठी हानी झाली असेल तर तिसरी. संकेतांकाच्या कामी पहिली व दुसरी प्रत एकत्र धरतात आणि तिसरी वेगळी. असे तीन पदर झाले: बंद, सौम्य उघडा, गंभीर उघडा.

दुसरा प्रश्न काळाचा आणि जुळणीचा: उपचार कोणत्या अवस्थेत आहे, आणि हाड कसे वागत आहे? सक्रिय उपचार चालू असेल तर वरील तीन पदरांना अनुक्रमे ए, बी, सी ही अक्षरे लागतात. तो संपून हाड अपेक्षेप्रमाणे जुळत असेल तर डी, ई, एफ. जुळणी रेंगाळली असेल तर जी, एच, जे. हाड जुळलेच नाही असे ठरले तर के, एम, एन. जुळले, पण वाकडे जुळले, तर पी, क्यू, आर. आणि सर्व काही होऊन गेल्यावर मागे काही व्यंग उरले, तर तिन्ही पदरांना मिळून एकच अक्षर, एस.

येथे ‘सक्रिय उपचार’ या शब्दांवर थोडे थांबले पाहिजे, कारण या विषयातील बहुतेक प्रमाद याच ठिकाणी घडतात. इंग्रजी ग्रंथातील या अक्षरांच्या मथळ्यांत ‘पहिली भेट’ व ‘नंतरची भेट’ अशा अर्थाचे शब्द आहेत, आणि ते वाचून कोणाही सरळ माणसाचा असा समज व्हावा, की रुग्ण एखाद्या डॉक्टरकडे प्रथमच आला म्हणजे ए, आणि दुसऱ्यांदा आला म्हणजे डी. वस्तुतः भेटींच्या संख्येशी या अक्षरांचा काडीमात्र संबंध नाही. संबंध आहे तो उपचाराच्या अवस्थेशी. हाड जागेवर आणून स्थिर करण्यासाठी जे जे केले जाते, मग ते अपघात विभागात असो, शस्त्रक्रियागृहात असो, की दुसऱ्या शल्यविशारदाने पुढे चालविलेला उपचार असो, ते सारे ए. आणि एकदा हाड स्थिर झाले, की टाके काढणे, एक्स-रे घेऊन जुळणी पाहणे, वेदनाशामकाची मात्रा कमीजास्त करणे, चालण्याचा सराव करवून घेणे, पुढे आत घातलेली सळई काढून टाकणेदेखील, हे सारे डी. ज्या फिजिओथेरपिस्टने हा रुग्ण आयुष्यात आजच प्रथम पाहिला, त्याच्याही कागदावर डीच.

हा भेद इतका काटेकोर पाळण्याचे कारण केवळ विमा नव्हे. प्रत्येक भेटीला ए लिहिला गेला, तर एका मोडलेल्या हाडाचे दफ्तरी दहा नवे अस्थिभंग होतील. आणि देशात वर्षाला किती मांड्या मोडतात, त्या कोणाच्या, आणि त्यांतील किती वेळेवर जुळतात, या प्रश्नांवर ज्यांना रस्ते, घरे व रुग्णालये यांची आखणी करावयाची आहे, त्यांच्या हाती निव्वळ खोटा हिशेब पडेल.

५. एका गवंड्याचे हाड

अमेरिकेतील एका गावी चाळिशीचा एक गवंडी शिडीवरून पडतो, असे समजू. उजव्या मांडीच्या हाडाचा दांडा आडवा मोडला आहे, तुकडे सरकले आहेत, कातडी शाबूत आहे. अपघात विभागात संकेतांक पडतो एस ७२.३२१ ए. त्याबरोबर पडण्याचे कारणही लिहावयाचे असते: शिडीवरून पडणे म्हणजे डब्ल्यू ११. हा संकेतांक तीनच जागांचा आहे आणि अक्षर तर सातव्याच जागी बसले पाहिजे, म्हणून मधल्या तीन जागा ‘एक्स’ने भरून तो डब्ल्यू ११.एक्सएक्सएक्स ए असा लिहितात.

दुसऱ्या दिवशी शस्त्रक्रिया होते. हाडाच्या पोकळ नळीत धातूची लांब सळई घालून तुकडे धरून ठेवण्याची ही रीत जर्मन शल्यविशारद गेरहार्ड क्युंचर यांनी १९३९ साली कील येथे प्रचारात आणली, आणि आपल्याकडे ‘पायात रॉड टाकला’ असे जे म्हणतात ते हेच. संकेतांकाचे अक्षर अजून ए हेच आहे. दोन आठवड्यांनी टाके काढण्यासाठी गवंडी येतो: एस ७२.३२१ डी. सहा आठवड्यांनी एक्स-रेमध्ये भंगाभोवती नव्या हाडाची धूसर सावली दिसते: डी. पडण्याच्या कारणाचे अक्षरही त्याच्याबरोबर बदलून डी होते.

आरंभी रुग्णाच्या मनात जी पैशाची धास्ती होती, तिचे निरसन येथेच करून टाकू. निदानाचा संकेतांक काय झाले ते सांगतो. डॉक्टरांनी काय केले ते सांगणारे संकेतांक अमेरिकन मेडिकल असोसिएशनच्या सीपीटी नावाच्या निराळ्या ग्रंथात असतात. सळई घालण्याच्या शस्त्रक्रियेचा त्यातील अंक २७५०६. मेडिकेअर या सरकारी विम्याच्या नियमाप्रमाणे अशा मोठ्या शस्त्रक्रियेच्या मोबदल्यातच पुढील ९० दिवसांच्या नेहमीच्या तपासण्या धरलेल्या असतात, आणि त्या भेटी ९९०२४ या बिनआकारणीच्या अंकाने केवळ नोंदल्या जातात. म्हणून निदानाच्या रकान्यात ‘अस्थिभंग’ हा शब्द पुन्हा दिसला, तरी शस्त्रक्रियेचे पैसे पुन्हा मागितले गेले असे होत नाही.

६. हाड रेंगाळते तेव्हा

मांडीच्या हाडाचा दांडा जुळावयास सामान्यतः तीन ते सहा महिने लागतात. मोडल्या जागी प्रथम रक्त साकळते, त्यात मऊ कूर्चेसारखा पूल बांधला जातो, त्या पुलात चुना भरून तो कठीण होतो, आणि मग कित्येक महिने, कधी वर्षेही, शरीर त्या ओबडधोबड पुलाला घासूनपुसून मूळ आकार देत राहते. धूम्रपान, मधुमेह, जखमेतील जंतुसंसर्ग किंवा तुकड्यांची अस्थिरता यांमुळे हे काम मध्येच मंदावते.

आपल्या गवंड्याचेही असेच झाले असे समजू. पाचव्या महिन्याच्या एक्स-रे अहवालात क्ष-किरणतज्ज्ञ लिहितो, ‘भंगरेषा अद्याप स्पष्ट दिसते, नवे हाड अल्प.’ शल्यविशारदाच्या टिपणात मात्र एवढेच आहे: ‘वजन टाकताना दुखते. सहा आठवड्यांनी पुन्हा यावे.’ कोडरला दिसते आहे की जुळणी रेंगाळली आहे. अनुभवी कोडरला तर ते लख्ख दिसते. तरीही त्याने डीचा जी करावयाचा नाही. निदान करण्याचा अधिकार उपचार करणाऱ्या डॉक्टरांचा, आणि कोडरचा अधिकार त्यांच्या शब्दांना योग्य जागा देण्याचा. त्याने करावयाचे ते असे, की डॉक्टरांकडे लेखी पृच्छा पाठवावयाची: ‘अमुक तारखेच्या एक्स-रे अहवालात भंगरेषा स्पष्ट व नवे हाड अल्प असल्याचे नमूद आहे. जुळणीच्या सद्यःस्थितीविषयी आपले वैद्यकीय मत टिपणात नोंदवावे.’ ‘जुळणी रेंगाळली आहे असे लिहावे काय?’ असे मात्र विचारू नये. कारण त्या प्रश्नातच उत्तर दडलेले आहे, आणि सुचविलेले उत्तर हा पुरावा नव्हे. हा संयम मला या व्यवसायातील सर्वांत मोलाचा गुण वाटतो. ज्याला तो जमला नाही, त्याची सारी अक्षरे बरोबर आली तरी त्याचे काम विश्वासार्ह म्हणता येणार नाही.

डॉक्टरांनी ‘जुळणीस विलंब’ असे लिहिले, म्हणजे एस ७२.३२१ जी. पुढे दहाव्या महिन्यात त्यांनी ‘हाड जुळले नाही’ असा निर्णय दिला आणि कमरेच्या हाडाचा चुरा भरून, जाड सळई घालून दुसरी शस्त्रक्रिया केली. नवी शस्त्रक्रिया म्हणजे सक्रिय उपचार, तेव्हा अक्षर पुन्हा ए, असे येथे अनेकांना वाटते. तसे नाही. न जुळलेल्या हाडासाठी के हेच अक्षर, मग त्यासाठी शस्त्रक्रिया होवो अथवा न होवो. अपवाद एकच: ज्या रुग्णाने मुळात उपचारासच विलंब लावला आणि तो प्रथमच दाखल होत आहे, त्याला ए.

आणि समजा, मधल्या काळात ती सळईच तुटली असेल, तर टी ८४.११४ हा यांत्रिक बिघाडाचा निराळा संकेतांक जोडावा लागतो. त्यावर सक्रिय उपचार आता सुरू होत असल्यामुळे त्याचे अक्षर ए. एकाच दिवशी, एकाच रुग्णाच्या कागदावर, सळईपुढे ए आणि हाडापुढे के अशी दोन अक्षरे असू शकतात, कारण प्रत्येक संकेतांकाचे अक्षर त्याने वर्णिलेल्या विकारापुरतेच बोलते.

७. ठिसूळ हाडाचे घराणे वेगळे

सत्तरीच्या बाईंचे हाड न्हाणीघरात नुसता पाय सरकून मोडले, आणि त्यांची हाडे ठिसूळ झाल्याचे आधीपासून ठाऊक आहे, अशा वेळी एस ७२ कडे वळूच नये. निरोगी हाड ज्या धक्क्याने मोडले नसते, त्या धक्क्याने मोडलेले हाड हे अपघाताचे नव्हे, आजाराचे. म्हणून ते एम ८० या घराण्यात जाते. उजव्या मांडीसाठी, भंग यथास्थित भरून येत असताना, एम ८०.०५१ डी. येथे उघड्या जखमेच्या प्रती नाहीत, त्यामुळे सातवी अक्षरेही सहाच. हाड पूर्ण जुळून देखभाल संपली, की मग कोठे ‘झेड’चे दार उघडते: अपघाती भंगाचा पूर्वेतिहास झेड ८७.८१, ठिसूळ हाडाच्या भंगाचा झेड ८७.३१०.

आणि गवंड्याचे हाड अखेर जुळून उजवा पाय किंचित आखूड राहिला, तर? मग प्रथम त्या व्यंगाचा संकेतांक लिहावयाचा, एम २१.७५१, आणि त्यामागे त्याचे मूळ, एस ७२.३२१ एस. एस हे अक्षर दुखापतीच्या संकेतांकालाच लागते, व्यंगाच्या नव्हे. आणि त्याला मुदत नाही. पंधरा वर्षांनी त्या आखूड पायामुळे तो डॉक्टरांकडे गेला, तरी हीच जोडी लिहिली जाईल.

८. पुण्यात बसलेल्या कोडरसाठी

पुण्यात आणि नवी मुंबईत आज कितीतरी मराठी तरुण-तरुणी अमेरिकन रुग्णालयांच्या नोंदींचे हे काम करतात, आणि त्यांच्यासाठी एक सावधगिरीची सूचना आवश्यक आहे. वर सांगितलेली सोळा अक्षरे अमेरिकेने आपल्या प्रतीत घातलेली आहेत. जागतिक आरोग्य संघटनेच्या ज्या मूळ दहाव्या आवृत्तीच्या आधारे आपल्याकडील रुग्णालये संकेतांक लिहितात, तिच्यात ती नाहीत. मुंबईच्या एखाद्या रुग्णालयात मांडीच्या दांड्याचा भंग एस ७२.३ असाच नोंदला जाईल. हवे असल्यास त्यापुढे बंद भंगासाठी शून्य आणि उघड्यासाठी एक. उपचार पूर्ण झाल्यावर केवळ तपासणीसाठी आलेल्या रुग्णाला तेथे झेड ०९.४ आहे, आतली पट्टी किंवा सळई काढण्यासाठी आलेल्याला झेड ४७.०, आणि मागे उरलेल्या व्यंगाच्या मुळासाठी टी ९३.१. म्हणजे सळई काढण्याची तीच भेट, अमेरिकेच्या कागदावर एस ७२ च्या पुढे डी लावून जाते, आणि आपल्याकडे झेड ४७.० म्हणून, आणि दोन्ही नोंदी आपापल्या ग्रंथानुसार शुद्ध आहेत. म्हणून नोंद हाती आली, की प्रथम ती कोणत्या ग्रंथाच्या हद्दीतील आहे ते पाहावे, आणि मगच पहिले अक्षर लिहावे.